विकला न जाणारा नांगर

लक्ष्मणराव किर्लोस्कर यांचा जन्म १८६९ साली बेळगावजवळच्या गुर्लहोसूर गावात झाला. त्यांना चित्रं काढायला आवडायचं आणि यंत्रंही आवडायची. चित्रकला शिकायला ते मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत गेले. पण तिथे कळलं, की त्यांना काही रंग नीट ओळखता येत नाहीत. मग चित्रकार कसं होणार?

लक्ष्मणराव घरी परतले नाहीत. यंत्रांची चित्रं काढायला रंग लागत नाहीत, म्हणून ते ती कला शिकले आणि पुढे मुंबईच्याच एका तंत्रशाळेत शिकवू लागले. तिथे हक्काची बढती मिळाली नाही, तेव्हा त्यांनी नोकरी सोडली. बेळगावात भावाबरोबर त्यांनी सायकलचं दुकान चालवलं. मग कडबा कापायचं यंत्र बनवलं.

१९०३ च्या सुमारास त्यांनी लोखंडी नांगर तयार केला. लाकडी नांगर जमीन वरवर उकरतो, लोखंडी नांगर खोल जाऊन माती उलटवतो. तरी तो कोणी घेईना! लोखंडामुळे जमीन विषारी होते, अशी शेतकऱ्यांना भीती वाटायची. पहिले नांगर विकायला जवळजवळ दोन वर्षं लागली.

लक्ष्मणरावांनी शेतकऱ्यांना नावं ठेवली नाहीत. नांगर रोज कोण वापरणार? शेतकरीच ना! म्हणून त्यांचं म्हणणं ऐकून ते नांगरात सुधारणा करत राहिले. हळूहळू मागणी वाढली.

तेवढ्यात नवं संकट आलं. कारखान्याची जागा रिकामी करावी लागली. तेव्हा औंधच्या राजांनी त्यांना कुंडल स्टेशनजवळ जमीन दिली. ती म्हणजे निवडुंगाचं रान आणि त्यात साप! ते रान साफ करून १९१० मध्ये कारखाना आणि कामगारांची वस्ती उभी राहिली. तीच आजची किर्लोस्करवाडी.

लक्ष्मणराव १९५६ साली वारले. तोपर्यंत लोखंडी नांगराची भीती कोणाला आठवतही नव्हती.

शब्दार्थ
कडबा – ज्वारीची वाळलेली ताटं, गुरांचा चारा
बढती – नोकरीत वरची जागा मिळणे
नावं ठेवणे – दोष देणे
निवडुंग – एक काटेरी झाड

विचार करा आणि सांगा
१. लक्ष्मणराव चित्रकार का होऊ शकले नाहीत? मग त्यांनी काय केलं?
२. शेतकरी लोखंडी नांगर का घेत नव्हते?
३. तुमचं एखादं काम पहिल्यांदा फसलं होतं का? दुसऱ्यांदा तुम्ही काय बदललंत? पाच वाक्यं लिहा.