पडद्यावरची पहिली बाई : दुर्गाबाई कामत

सिंदी (रेल्वे) : विक्रम गोखले यांना टीव्हीवर, सिनेमात सगळ्यांनीच पाहिलंय. त्यांच्या पणजीचं नाव मात्र फार थोड्यांना ठाऊक आहे. त्या दुर्गाबाई कामत.

नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या दुर्गाबाई लेक कमलाला घेऊन फिरत्या नाटक कंपनीत गेल्या. त्या काळी भल्या घरच्या बाईने तोंडाला रंग लावला, की अब्रू गेलीच म्हणायची! आपल्याकडच्या दंडारीत जसा पुरुषच लुगडं नेसायचा, तसंच नाटकातही चालायचं. १९१३ मध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ काढताना दादासाहेब फाळके यांना बाई मिळालीच नाही. तारामती झाले अण्णा साळुंके, मुंबईच्या एका हॉटेलात स्वयंपाकघरात काम करणारे.

त्याच वर्षी फाळकेंनी ‘मोहिनी भस्मासुर’ केला. त्यात दुर्गाबाई पार्वती झाल्या आणि तेरा-चौदा वर्षांची कमला मोहिनी. भारतीय सिनेमातल्या पहिल्या स्त्री कलाकार याच मायलेकी. लोक काय म्हणतील, याचा विचार करायला पोटाने सवड दिली नसावी.

पुढे कमलाबाई गोखले म्हणून लेकीचं नाव झालं. पती लवकर गेले, तेव्हा तिनेही काम करूनच तीन मुलं वाढवली. त्यातले चंद्रकांत गोखले म्हणजे विक्रम यांचे वडील.

दुर्गाबाई मात्र मागेच राहिल्या. ‘मोहिनी भस्मासुर’ची प्रतही आज उरलेली नाही.