सेटवर एक थप्पड बसली आणि हिरोईन ललिता पवार पडद्यावरच्या ‘खाष्ट सासू’ झाल्या

ललिता पवार म्हटलं की आठवते बारीक डाव्या डोळ्याची खाष्ट सासू, नाहीतर ‘रामायण’ मालिकेतली मंथरा. पण याच ललिताबाई एकेकाळी हिरोईन होत्या.

१९१६ साली नाशिक जिल्ह्यातल्या येवल्यात त्यांचा जन्म झाला. मूळ नाव अंबा. मूकपटांच्या काळात, अगदी लहान वयात त्या कॅमेऱ्यासमोर आल्या. पुढे बोलपट आले, तेव्हा नायिका म्हणून स्वतःची गाणीही त्या स्वतः गायच्या.

मग १९४२ साल उजाडलं. एका सीनमध्ये भगवान दादांनी त्यांना थप्पड मारायची होती. हात जरा जास्तच जोरात बसला. चेहऱ्याला पक्षाघात झाला, डाव्या डोळ्याची नस फुटली. बरेच दिवस उपचार चालले, पण तो डोळा कायमचा बारीक राहिला. तेव्हा त्या अवघ्या २६ वर्षांच्या होत्या.

नायिकेचं सगळं काम क्लोजअपवर चालायचं. पडद्यावर एवढा मोठा चेहरा दिसत असताना डोळा लपवणार कसा? हिरोईनचे रोल संपले. ललिताबाईंनी मात्र काम थांबवलं नाही, त्या चरित्र भूमिकांकडे वळल्या.

१९४४ मध्ये प्रभातच्या ‘रामशास्त्री’त त्या आनंदीबाई झाल्या. १९५० च्या ‘दहेज’मध्ये सुनेला छळणारी सासू झाल्या. मान किंचित तिरकी, आवाजात धार आणि तो अर्धवट मिटलेला डोळा. एवढ्यावरच प्रेक्षक बोटं मोडायचे.

पण त्यांची खरी कमाल दिसते ती राज कपूरच्या सिनेमांत. ‘श्री ४२०’मध्ये त्या प्रेमळ केळेवाली आहेत. ‘अनाडी’तल्या मिसेस डिसा भाडेकरू राज कपूरवर सतत खेकसतात आणि त्याच्यावर पोटच्या पोरासारखी मायाही करतात. डोळा तोच, पण इथे त्यात कपट दिसत नाही, काळजी दिसते. या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीनेही त्यांचा गौरव केला.

१९८७ मध्ये ‘रामायण’ टीव्हीवर आलं, तेव्हा ललिताबाईंनी सत्तरी ओलांडली होती. त्यांना कधीही थिएटरमध्ये न पाहिलेली पोरंसोरंही मंथरेवर चिडू लागली.

२४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात त्यांचं निधन झालं. ज्या अपघाताने नायिकेचं करिअर संपलं, त्यानंतरही त्या ४५ वर्षांहून जास्त काळ कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या.