चांदीवर कोरलेले जग

भूगोलाच्या तासाला भिंतीवर नकाशा टांगला, की उत्तर दिशा वर आणि दक्षिण दिशा खाली असते. आता मनातल्या मनात तो नकाशा उलटा टांगून पाहा. आफ्रिका वर जाईल, युरोप खाली येईल, चीन डाव्या हाताला दिसेल. साडेआठशे वर्षांपूर्वी एका अरब विद्वानाने जगाचा असाच नकाशा तयार केला. ही काही चूक नव्हती. अनेक अरबी नकाशांत दक्षिण वर ठेवण्याची रीतच होती. या विद्वानाचे नाव अबू अब्दुल्लाह मुहम्मद अल-इद्रीसी.

त्यांचा जन्म इ. स. ११०० च्या सुमारास उत्तर आफ्रिकेतील सबता या बंदरात झाला, असे मानतात. स्पेनमधील कुर्तुबा शहरात ते शिकले. तरुणपणी त्यांनी पुष्कळ प्रवास केला. नंतर त्यांना एक निमंत्रण आले आणि त्यांचे आयुष्यच बदलले.

हे निमंत्रण होते सिसिलीचा राजा रॉजर दुसरा याचे. सिसिली हे भूमध्य समुद्रातील मोठे बेट. तेथे पूर्वी अरबांचे राज्य होते, पुढे ते नॉर्मन लोकांनी जिंकले. रॉजर ख्रिस्ती होता. त्या काळात शाम देशात ख्रिस्ती आणि मुसलमान फौजा एकमेकींशी लढत होत्या. इकडे पालेर्मोच्या राजवाड्यात मात्र ख्रिस्ती राजा आणि मुसलमान विद्वान एकाच कामाला लागले होते.

राजाला आपल्या राज्याची आणि मग सगळ्या जगाची खरी माहिती हवी होती. जुने ग्रंथ चाळले, तर एकाचे दुसऱ्याशी जुळेना. तेव्हा प्रवाशांनाच विचारायचे ठरले. व्यापारी, खलाशी, यात्रेकरू यांना बोलावून प्रश्न विचारले जात. कोणते गाव कोठे आहे? तेथून पुढचे बंदर किती दिवसांच्या वाटेवर आहे? तेथे काय पिकते? आधी एकेकट्याला विचारत, मग सर्वांना एकत्र. ज्यावर सर्वांचे एकमत होई तेवढेच ठेवत, बाकीचे सोडून देत.

हे वाचायला सोपे वाटते. पण तुमच्या शाळेपासून बाजार किती दूर आहे, हे चार मुलांना विचारून पाहा. चार उत्तरे मिळतील! येथे तर बाजार नव्हे, सारे जग मोजायचे होते. हे काम सुमारे पंधरा वर्षे चालले.

शेवटी चांदीची एक भली मोठी तबकडी घडवण्यात आली. तिच्यावर देश, समुद्र, नद्या आणि शहरे कोरली गेली. सोबत अल-इद्रीसींनी अरबी भाषेत एक ग्रंथ लिहिला. त्याचे नाव 'नुझहत अल-मुश्ताक'. लोक त्याला रॉजरचे पुस्तक असेही म्हणत. त्यात जगाचे सात इक्लीम, म्हणजे सात आडवे पट्टे, मानले आहेत. प्रत्येक पट्ट्याचे दहा भाग, असे एकूण सत्तर नकाशे झाले. दक्षिण वर असल्यामुळे पश्चिम उजवीकडे येते आणि पहिला भाग पश्चिमेचाच आहे. म्हणजे हा नकाशा आपल्या उर्दूसारखाच उजवीकडून डावीकडे वाचायचा. 'नकाशा' हा मराठी शब्दही आपल्या 'नक्शा'चाच भाऊ आहे.

या ग्रंथात आपले कोकणही आहे. ठाणे, सोपारा आणि चौल या बंदरांचे वर्णन त्यात येते. ठाण्याजवळच्या डोंगरांत बांबू होतो, त्यापासून तबाशीर म्हणजे वंशलोचन मिळते आणि ते दूरदूर जाते, असे ते सांगतात. त्यात हस्तिदंताची राख मिसळून भेसळ करतात, हेही नोंदवायला ते विसरले नाहीत! स्वतः ते कधी येथे आले नव्हते. कोणा व्यापाऱ्याने आपला कटू अनुभव सांगितला असावा.

नकाशात चुका आहेतच. भारताचे दक्षिणेकडे निमुळते होत गेलेले टोक त्यात नीट दिसत नाही आणि श्रीलंका मात्र फार मोठी झाली आहे. ऐकीव माहितीवर काढलेल्या नकाशात असे होणारच.

ग्रंथ जानेवारी ११५४ मध्ये पूर्ण झाला आणि पुढच्याच महिन्यात राजा रॉजर वारला. ११६१ साली पालेर्मोत बंड झाले व राजवाडा लुटला गेला. चांदीची तबकडी तेव्हाच नाहीशी झाली, असे मानतात. लुटारूंना त्यावरचे जग कशाला हवे होते? त्यांना दिसली ती चांदी. अल-इद्रीसीही ११६५ च्या सुमारास वारले.

ग्रंथ मात्र टिकून राहिला. ग्रंथाच्या नकला होत राहिल्या. १५५३ साली कैरोत केलेली एक नक्कल इंग्लंडमधील ऑक्सफर्डच्या ग्रंथालयात आहे. १५९२ मध्ये रोम शहरात हा ग्रंथ संक्षिप्त रूपात छापला गेला, तोही अरबीतच. पुढे १९२८ साली कॉनराड मिलर या जर्मन अभ्यासकाने सत्तर तुकडे जोडून एकच मोठा नकाशा तयार केला. कधी तो पाहायला मिळाला, तर उजव्या कडेपासून सुरुवात करा. ठाणे शोधायला डावीकडे बरेच जावे लागेल.