योझेफ क्रोनर

स्लोव्हाकियाच्या वायव्य सीमेवर किसुत्से नावाचा डोंगराळ प्रदेश आहे. जमीन हलकी आणि हिवाळा लांब, त्यामुळे पोटासाठी गाव सोडणे तेथील माणसांच्या पाचवीलाच पुजलेले असे. या प्रदेशातील स्ताश्कोव गावी 20 मार्च 1924 रोजी योझेफ क्रोनर यांचा जन्म झाला. वडील रेल्वेत नोकरीला. मिळकत बेताची आणि घरात खाणारी तोंडे पुष्कळ. नाट्यविद्यालयाची पायरी चढणे योझेफच्या नशिबी नव्हते. हौशी मंडळींबरोबर नाटके बसवावीत, हीच त्याची शाळा. या शाळेतून तो मार्टिन शहरातील व्यावसायिक रंगभूमीवर गेला आणि 1956 मध्ये राजधानी ब्रातिस्लाव्हाच्या राष्ट्रीय नाट्यगृहात दाखल झाला. त्याचा धाकटा भाऊ ल्युदोव्हित हाही पुढे नट म्हणून नावारूपास आला.

नायकाला शोभेल असे रूप क्रोनर यांच्यापाशी नव्हते. बाजारात शेजारी उभा राहिला तर कोणी वळून पाहणार नाही, असा तो चेहरा. परंतु त्या चेहऱ्यावर हसू आणि भीती एकाच क्षणी उमटत असे. 1965 साली यान कादार व एल्मार क्लोस या दिग्दर्शकांनी ‘हमरस्त्यावरील दुकान’ या अर्थाच्या नावाचा चित्रपट काढला, तेव्हा हेच सामर्थ्य त्यांच्या कामी आले.

कथा 1942 सालची. जर्मनीच्या कच्छपी लागलेल्या स्लोव्हाक सरकारने ज्यूंची दुकाने हिरावून इतरांच्या हवाली केली होती. तोनो ब्रत्को या गरीब सुताराच्या वाट्याला एका बहिऱ्या, वृद्ध विधवेचे बटणांचे दुकान येते. म्हातारीला वाटते, हा आपल्या मदतीला आलेला माणूस! तोनोला खरे सांगण्याचे धैर्य होत नाही. तो तिचे मोडके सामान दुरुस्त करतो, तिला जीव लावतो. एके दिवशी गावातील ज्यूंना गाडीत भरून नेण्याचा हुकूम सुटतो. म्हातारीला लपवावे, तर स्वतःवर संकट; न लपवावे, तर तिचा मृत्यू. भ्यालेला, दारू प्यालेला तोनो कधी तिला बाहेर काढू पाहतो, कधी आत कोंडतो. त्या धक्काबुक्कीत ती मरते आणि तोनोही आपले जीवन संपवतो. दुष्ट नसलेला माणूस भीतीपोटी कुठवर जातो, हे क्रोनर यांनी कसलाही आक्रस्ताळेपणा न करता दाखवले. त्या वर्षी स्लोव्हाकियातून प्रत्यक्षात सुमारे 58,000 ज्यूंना देशाबाहेर धाडण्यात आले होते.

म्हातारीची भूमिका पोलंडच्या ईडा कामिन्स्का यांची होती. कान येथील महोत्सवात दोघांचाही गौरव झाला. परभाषीय चित्रपटासाठीचे ऑस्कर पारितोषिक चेकोस्लोव्हाकियाला प्रथम मिळाले, ते याच चित्रपटामुळे.

एवढी कीर्ती मिळूनही क्रोनर मायदेशीच राहिले. 1975 च्या ‘पाखो’ चित्रपटातील दरोडेखोर होऊन त्यांनी प्रेक्षकांना पोट धरून हसवले. 1983 च्या ‘हजार वर्षांची मधमाशी’मध्ये ते गवंडीकाम करणाऱ्या कुटुंबाचे वडीलधारे झाले. दूरचित्रवाणीमुळे तर ते घरोघरी पोहोचले. फुरसत मिळाली की गळ घेऊन नदीकाठी बसावे, हा त्यांचा छंद. त्यावर त्यांनी पुस्तकेही लिहिली. पत्नी तेरेझिया आणि कन्या झुझाना या दोघीही अभिनेत्रीच. 12 मार्च 1998 रोजी, चौऱ्याहत्तराव्या वाढदिवसाला आठ दिवस उरले असता, ब्रातिस्लाव्हा येथे क्रोनर यांचे निधन झाले.