महर्षी कर्वे आणि महिला विद्यापीठ

आपल्या दिव्याहून कोकणात जाणारी गाडी खेडवरून पुढे जाते. त्याच खेड तालुक्यातील शेरवली या आजोळच्या गावी १८ एप्रिल १८५८ रोजी धोंडो केशव कर्वे यांचा जन्म झाला. त्यांचे मूळ गाव दापोली तालुक्यातील मुरुड. घरची गरिबी; परंतु विद्येची ओढ अशी की, परीक्षेसाठी ते भर पावसात घाट चढून पायी साताऱ्यास गेले. वय लहान दिसते म्हणून तेथून त्यांस परत पाठविण्यात आले.

१८९१ मध्ये ते पुण्याच्या फर्ग्युसन कॉलेजात गणित शिकवू लागले. प्रथम पत्नीच्या निधनानंतर १८९३ मध्ये त्यांनी गोदूबाई या विधवेशी विवाह केला, तेव्हा मुरुडच्या ज्ञातिबांधवांनी त्यांस वाळीत टाकले. अण्णासाहेबांनी उलट शब्द न काढता १८९६ मध्ये विधवांसाठी अनाथ बालिकाश्रम काढला. तो पुढे हिंगण्यास गेला.

जपानमधील महिला विद्यापीठाची माहिती वाचनात आल्यावर १९१६ मध्ये, वयाच्या ५८व्या वर्षी, त्यांनी महिला विद्यापीठ स्थापिले. डॉ. भांडारकर पहिले कुलपती व रँग्लर परांजपे पहिले कुलगुरू झाले. शिक्षण मातृभाषेतून द्यावयाचे हा त्याचा पाया. परंतु सरकारमान्यता नाही, म्हणून पदवीस बाजारात किंमत नाही. आरंभी विद्यार्थिनी बोटांवर मोजण्याइतक्याच. स्त्रियांस निराळा अभ्यासक्रम कशास, असा सुधारकांचाही आक्षेप होता. १९२० मध्ये सर विठ्ठलदास ठाकरसी यांनी १५ लक्ष रुपयांची देणगी दिली व त्यांच्या मातोश्री नाथीबाई यांचे नाव विद्यापीठास मिळाले. पुढे त्या देणगीवरूनही मतभेद झाले व उत्पन्न अडले. १९२९ मध्ये, सत्तरी उलटल्यावर, अण्णासाहेब निधीसाठी युरोप, अमेरिका व जपान फिरून आले. नंतर आफ्रिकेसही गेले. १९३६ मध्ये विद्यापीठाचे मुख्य ठाणे मुंबईस आले. कायद्याची मान्यता मिळण्यास मात्र १९४९ साल उजाडले. तेहतीस वर्षे हा संसार त्यांनी लोकांच्या पै-पैशावर चालविला.

१९५८ मध्ये शंभराव्या वर्षी त्यांस भारतरत्न मिळाले. ९ नोव्हेंबर १९६२ रोजी त्यांचे पुण्यात निधन झाले.

ज्ञातीच्या स्मरणिकेत हे चरित्र देताना आम्हांस त्या बहिष्काराची लाज वाटते. कोणत्याही ज्ञातीच्या हातून अशी चूक होऊ शकते. सकाळी दिवा स्थानकावर लोकलच्या गर्दीत कॉलेजास निघालेल्या आपल्या मुली आम्ही पाहतो. त्यांपैकी एकीचेही शिक्षण फीअभावी अथवा लग्नाच्या घाईने थांबू नये, एवढे ज्ञातिबांधवांनी मनावर घेतले तर अण्णासाहेबांचे ऋण अंशतः तरी फिटेल.