पाठमोरा हंजला आणि त्याला जन्म देणारे नाजी अल-अली

दहा वर्षांचा पोरगा. अनवाणी, ठिगळांचे कपडे, हात मागे घेतलेले आणि आपल्याकडे पाठ. पॅलेस्टाईनच्या मोर्चांच्या फोटोंमध्ये तुम्ही त्याला पाहिलं असेल. हा हंजला.

त्याला रेखाटणारे नाजी अल-अली जवळपास याच वयाचे असताना बेघर झाले. १९४८ च्या युद्धात गॅलिलीतलं अल-शजरा हे त्यांचं गाव सुटलं आणि कुटुंब लेबनॉनमधल्या ऐन अल-हिलवे छावणीत आलं. छावणीच्या भिंतींवर नाजी चित्रं काढायचे. लेखक घसान कनाफानी यांनी ती पाहिली, १९६१ मध्ये छापली आणि नाजींचा व्यंगचित्रकार झाला.

१९६९ मध्ये कुवेतच्या ‘अल-सियासा’ दैनिकात हंजला अवतरला. १९७३ च्या युद्धानंतर त्याने जगाकडे पाठ फिरवली ती कायमचीच. मायदेशी परतेपर्यंत तो मोठा होणार नाही, असं नाजींनी ठरवून टाकलं होतं.

इस्रायल आणि अमेरिकेवर तर ते तुटून पडायचेच, पण अरब राज्यकर्ते आणि खुद्द पॅलेस्टिनी नेतेही त्यांच्या रेषेतून सुटले नाहीत. साहजिकच शत्रू सगळीकडे. १९८५ मध्ये कुवेतने बाहेर काढलं, ते लंडनला गेले. तिथे २२ जुलै १९८७ ला ‘अल-कबस’च्या कार्यालयाबाहेर त्यांच्यावर गोळी झाडली गेली. २९ ऑगस्टला ते गेले. २०१७ मध्ये ब्रिटिश पोलिसांनी पुन्हा लोकांना माहिती देण्याचं आवाहन केलं. खुनाचा आरोप मात्र कोणावरच सिद्ध झालेला नाही.

ऐन अल-हिलवेत दफन व्हावं, ही त्यांची इच्छा होती. कबर आहे इंग्लंडमधल्या ब्रूकवुडला.