हेलिकॉप्टर बससारखं वेळेवर सुटायचं! त्यामागच्या सिकोर्स्कींची गोष्ट

१ जून १९५०. ब्रिटनमध्ये लिव्हरपूल ते कार्डिफ अशी हेलिकॉप्टर सेवा सुरू झाली. वेळापत्रकानुसार प्रवासी नेणाऱ्या जगातल्या पहिल्या काही हेलिकॉप्टर सेवांपैकी ही एक. एका फेरीत प्रवासी मात्र तीनच! एस-५१ नावाचं हे हेलिकॉप्टर होतं इगॉर सिकोर्स्की यांच्या कंपनीच्या डिझाइनचं.

सिकोर्स्कींचा जन्म १८८९ चा, तेव्हाच्या रशियन साम्राज्यातल्या कीव्हचा. लहानपणी आईनं लिओनार्दो दा विंचीच्या उडत्या यंत्रांबद्दल सांगितलं आणि पोरानं बाराव्या वर्षी रबरावर उडणारं हेलिकॉप्टरचं मॉडेल बनवलं. पण १९०९ मध्ये बनवलेलं खरं हेलिकॉप्टर काही उडालं नाही. पुढच्या वर्षीचं दुसरं फक्त स्वतःचं वजन उचलू शकलं, पायलटचं नाही. मग ते विमानांकडे वळले. १९१३ मध्ये त्यांनी चक्क चार इंजिनांचं विमान उडवलं.

रशियात क्रांती झाली आणि सगळंच मागे सुटलं. १९१९ मध्ये ते न्यूयॉर्कला पोहोचले. तिथे रशियन स्थलांतरितांना गणित शिकवून पोट भरलं. १९२३ मध्ये लाँग आयलंडवरच्या एका कोंबड्यांच्या फार्मवर त्यांनी कंपनी काढली. संगीतकार रखमानिनोव यांनी ५ हजार डॉलर्स दिले.

विमानांनी नाव मिळवून दिलं, पण हेलिकॉप्टर डोक्यातून गेलं नव्हतं. १४ सप्टेंबर १९३९ ला, पन्नाशीत, त्यांनी स्वतः व्हीएस-३०० जमिनीवरून उचललं. दोरांनी बांधलेलं असलं तरी ते उडालं होतं.

१९५३ पर्यंत न्यूयॉर्क आणि ब्रसेल्समधूनही त्यांची हेलिकॉप्टर्स प्रवासी नेऊ लागली. ट्रॅफिकमध्ये न अडकता थेट एअरपोर्ट! पण गणित जुळेना. सीट कमी, देखभालीचा खर्च अफाट. अमेरिकेतल्या सेवा सरकारी अनुदानावर तगून होत्या, तेही १९६५ मध्ये बंद झालं. १९६८ मध्ये लॉस एंजेलिसजवळ त्यांच्याच कंपनीची दोन हेलिकॉप्टर्स तीन महिन्यांच्या आत कोसळली. ४४ जण गेले.

१९७२ मध्ये सिकोर्स्कींचं निधन झालं. १९७९ मध्ये न्यूयॉर्क एअरवेजही बंद पडली.

शहरातली हवाई बस टिकली नाही. मात्र ब्रिटनमधल्या पेन्झान्सहून सिली बेटांवर जाणारी सेवा १९६४ पासून २०१२ पर्यंत चालली, कारण मध्ये समुद्र होता. आणि १९४४ मध्येच त्यांच्या आर-४ हेलिकॉप्टरनं बर्माच्या जंगलात अडकलेल्या चौघांना एकेक करून बाहेर काढलं होतं. जिथे रस्ता संपतो, तिथे आजही हेलिकॉप्टरचीच वाट पाहिली जाते.